एलिझाबेथ आणि तिचा फ्लश

बी.ए.ला इंग्रजी घेतलेल्या मैत्रिणींना एलिझाबेथ बॅरेट ब्राउनिंग हे नाव नक्की आठवेल. प्रियकरासाठी लिहिलेली तिची 44 सुनीतं, त्यातली एक-दोन अभ्यासाला आणि गाईडमध्ये त्यांचा सारांश. परीक्षा झाली की बाई विसरली जायची. तिची मला सगळ्यात आवडणारी गोष्ट त्या गाईडमध्ये कधीच नसायची. ती आहे एका कुत्र्याची, आणि त्या कुत्र्यासाठी वर्षानुवर्षांच्या आजारपणातून उठून घोडागाडीत बसलेल्या बाईची.

कुत्र्याचं नाव फ्लश. हसू नका, हा शब्द तेव्हा आपल्या न्हाणीघरापर्यंत पोचलेला नव्हता. लांब कानांचा, तांबूस तपकिरी रंगाचा कॉकर स्पॅनियल. पण त्याच्याकडे येण्याआधी तिच्याबद्दल थोडं सांगायलाच हवं, नाहीतर कुत्र्याचं एवढं काय, असं वाटेल.

एलिझाबेथचा जन्म 6 मार्च 1806 चा, इंग्लंडमधल्या डरहॅमजवळचा. बारा भावंडांत ही थोरली. वडिलांचे जमैकात उसाचे मळे होते, गुलामांच्या कष्टावर चालणारे. त्या पैशावर घर उभं होतं. ही गोष्ट तिला पुढे फार टोचली आणि गुलामगिरीविरुद्ध तिने कविताही लिहिल्या. मुलगी विलक्षण हुशार. शाळा नाही, पण भावाच्या शिकवणीला बसून ग्रीक शिकली. ती चौदा वर्षांची असताना तिने लिहिलेलं एक लांबलचक काव्य वडिलांनी हौसेने छापून घेतलं, 50 प्रती. हे मुद्दाम सांगते, कारण पुढे हेच वडील आपल्याला खलनायक वाटणार आहेत. माणसं अशी एकाच रंगाची नसतात.

पंधराव्या वर्षी ती आजारी पडली. पाठीचं दुखणं, मग छातीचं. त्या काळचे डॉक्टर काय करणार? झोपून राहा म्हणाले आणि अफूचा अर्क दिला. तो अर्क तिला जन्मभर सुटला नाही. 1828 साली आई गेली. मळ्यांचं उत्पन्न घटलं, 1832 मध्ये गावाकडचं मोठं घर विकावं लागलं आणि फिरत फिरत कुटुंब लंडनला आलं. 1838 पासून विम्पोल स्ट्रीटवरच्या 50 नंबरच्या घरात.

त्याच वर्षी हवापालटासाठी तिला टॉर्कीला, समुद्रकाठी पाठवलं. सोबतीला तिचा सगळ्यात लाडका भाऊ एडवर्ड. त्याने तिथे राहू नये, लंडनला परत यावं, अशी वडिलांची इच्छा होती. हिने हट्ट करून त्याला ठेवून घेतलं. 11 जुलै 1840 रोजी तो मित्रांबरोबर शिडाच्या होडीतून गेला तो परत आलाच नाही. त्या दिवशी निघताना दोघांत काहीतरी किरकोळ कुरबूर झालेली. ज्यांच्या घरात असं कुणी गेलंय त्यांना कळेल, माणूस जातो आणि ती शेवटची कुरबूर मागे राहते. माझ्यामुळे तो तिथे होता, हे तिने शेवटपर्यंत मनातून काढलं नाही. भावाबद्दल ती पुढे कुणाशी फारसं बोलूही शकली नाही.

अशा वेळी माणसाला काय द्यावं? आपण भेटायला जातो, नारळ-साखर नेतो, धीर धर म्हणतो. तिची एक मैत्रीण होती, मेरी रसेल मिटफर्ड. वयाने अठरा वर्षांनी मोठी, खेड्यातल्या जीवनावर लिहिणारी तेव्हाची नावाजलेली लेखिका. स्वतःचं घर लेखणीवर चालवायची, कारण वडिलांनी होता-नव्हता तो पैसा उधळला होता. अशा जातिवंत कुत्र्याला लंडनमध्ये चांगले पैसे आले असते आणि त्या बाईला पैशांची गरजही होती. तिने तो विकला नाही. आपल्या कुत्र्याचं पिल्लू तिने या शोकात बुडालेल्या मैत्रिणीला पाठवून दिलं. जानेवारी 1841 मध्ये फ्लश टॉर्कीला पोचला. मला या मिस मिटफर्डचं फार कौतुक वाटतं. समजूत घालणारी पत्रं बाकीच्यांनी लिहिली असतील. हिने जिवंत, उबदार, भूक लागली की कुंई कुंई करणारं काहीतरी पाठवलं.

त्या वर्षी ती फ्लशला घेऊन लंडनला परतली आणि विम्पोल स्ट्रीटवरच्या मागच्या खोलीत जणू कायमची गेली. खिडकीवर वेल चढवलेला, उजेड कमी. हिवाळ्यात वारा लागू नये म्हणून खोली बंद करून घेतलेली. महिनोन् महिने ती जिना उतरायची नाही. खोलीत पुस्तकं, कागद, औषधाची बाटली आणि पायाशी फ्लश. शेतात पाखरांमागे धावण्यासाठी ज्याची पैदास केली, ते कुत्रं एका आजारी बाईच्या सोफ्यावर दिवस काढायला शिकलं. तिच्याच अंथरुणात झोपायचं. हाताने भरवल्याशिवाय खायचं नाही, आणि खायचं तेही मऊ मऊ केक! लाडावून ठेवलं म्हणून लोक तिला हसायचे. तिने तर त्याला अक्षरं शिकवायचा उद्योग केला होता. ए कुठलं, बी कुठलं, ओळख पाहू. फ्लशला त्यात काडीचा रस नव्हता, पण त्याला सगळं कळतं, हा तिचा दावा कायम.

एकदा ती एकटीच पडून रडत होती. उशीवर अचानक एक केसाळ डोकं आलं, चेहऱ्याला घासलं आणि डोळ्यांतलं पाणी टिपलं गेलं. क्षणभर ती दचकली, मग फ्लश आहे हे लक्षात आलं. या प्रसंगावर तिचं एक सुनीत आहे. ज्यांच्या घरात कुत्रं आहे त्यांना यात कविकल्पना दिसणार नाही. रडणाऱ्या माणसाजवळ येऊन बसायचं त्यांना कुणी शिकवावं लागत नाही.

मूल नाही, संसार नाही, म्हणून बाईने कुत्र्यावर माया केली, असं तिच्याबद्दल म्हणणारे होते. अशी वाक्यं आपल्याकडेही ऐकू येतात. मला ते पटत नाही. याच वर्षांत ती गिरण्या-खाणींत राबणाऱ्या लहान मुलांवर कविता लिहीत होती, 1844 च्या तिच्या कवितासंग्रहाने तिचं नाव देशभर झालं होतं. रिकामं मन भरायला तिला कुत्रं लागलं नव्हतं. फरक एवढाच की घरातली बाकी सगळी माणसं तिची काळजी घ्यायची, आणि फ्लश हा एकटाच असा होता की ज्याची काळजी तिने घ्यायची. आजारी माणसाला सगळे देतात. त्याच्याकडे मागणारं कुणी नसतं.

आता लंडनमधल्या एका धंद्याबद्दल. श्रीमंतांच्या वस्तीतून कुत्री पळवायची आणि खंडणी मागायची, यावर पोट भरणाऱ्या टोळ्या तेव्हा होत्या. पैसे नाही दिले तर कुत्र्याचं डोकं मालकिणीच्या घरी पाठवतात, असं ऐकिवात होतं. 1845 मध्ये याविरुद्ध खास कायदा झाला, यावरून कल्पना करा. फ्लश 1843 आणि 1844 अशा दोन वर्षी पळवला गेला, आणि दोन्ही वेळा पैसे मोजून परत आला. 'या घरची बाई कुत्र्यासाठी पैसे देते' ही खबर टोळीला पक्की झाली.

दरम्यान तिच्या आयुष्यात आणखी कुणीतरी आलं होतं. जानेवारी 1845 मध्ये रॉबर्ट ब्राउनिंग नावाच्या कवीचं पत्र आलं. तिच्या कविता त्याला आवडल्या होत्या, आणि त्याच पहिल्या पत्रात ती स्वतःही आवडते असं त्याने लिहून टाकलं, न बघता! मे महिन्यात तो पहिल्यांदा भेटायला आला. ती 39 वर्षांची, तो तिच्याहून सहा वर्षांनी लहान. मग पत्रांचा पाऊस. फ्लशला हे प्रकरण बिलकुल पसंत पडलं नाही. 1846 च्या उन्हाळ्यात तो रॉबर्टला चक्क चावला. एलिझाबेथने फ्लशला रागावलं, रॉबर्टने मनाला लावून घेतलं नाही, उलट त्याच्यासाठी खाऊ आणू लागला. होणाऱ्या जावयाची परीक्षा घरातलं कुणी ना कुणी घेतंच.

खरे वडील मात्र परीक्षा घ्यायला तयारच नव्हते. आपल्या कुठल्याही मुलाने, मुलीने लग्न करायचं नाही, असा त्यांचा शिरस्ता होता. कारण कधी दिलं नाही. चाळिशीच्या मुलीच्या खोलीत रोज रात्री येऊन ते तिच्याबरोबर प्रार्थना करायचे आणि त्यात त्यांची माया खरी होती. पण ती माया खोलीच्या दाराला कडी लावणारी होती. डॉक्टर म्हणाले, इटलीच्या उबदार हवेत पाठवा. वडिलांनी ते होऊ दिलं नाही. शेवटी एलिझाबेथ आणि रॉबर्टने गुपचूप लग्न करून इटलीला जायचं ठरवलं. सप्टेंबर 1846 मध्ये.

आणि नेमका 1 सप्टेंबरला फ्लश तिसऱ्यांदा पळवला गेला. हल्ली ती थोडी बाहेर पडू लागली होती. बहिणीबरोबर खरेदीला गेली, फ्लश पायाशी घुटमळत होता, गाडीत चढताना मागे बघते तर नाही. खंडणी सहा गिनी. त्यांच्या घरातल्या मोलकरणीचा कित्येक महिन्यांचा पगार.

वडील म्हणाले, एक पैसा द्यायचा नाही. भाऊ म्हणाले, जाऊ दे. आता उरला रॉबर्ट. आणि रॉबर्टनेसुद्धा पत्रात लिहिलं की अशा चोरांना पैसे देणं म्हणजे त्यांचा धंदा वाढवणं, मी असतो तर दिले नसते. बोलणं तत्त्वाला धरून होतं. घरातल्या वस्तूपासून ते बायकोच्या माहेरच्या माणसापर्यंत कशाचंही तत्त्व काढून दाखवणारे पुरुष आपण सगळ्यांनी पाहिलेत, आणि बहुतेक वेळा त्यांचं म्हणणं बरोबरही असतं, हीच पंचाईत. तिने वाद घातला नाही. त्याला फक्त विचारलं, उद्या इटलीत दरोडेखोरांनी मला पळवून नेलं आणि माझा एक कान कापून तुझ्याकडे पाठवला, तरी तू तत्त्वालाच धरून बसशील का? याला काय उत्तर देणार? लग्न दहा दिवसांवर आलेलं, पळून जायचे बेत चाललेले, आणि या दोघांची कुत्र्यावरून जुंपलेली. मला वाटतं, तिने त्या पत्रात रॉबर्टला आपलं एक महत्त्वाचं अंग दाखवून ठेवलं. मी तुझ्याबरोबर येते आहे, पण माझं माणूस कोण हे मी ठरवणार, आणि त्याच्या जिवाचा हिशेबही मीच करणार.

दिवस जात होते. भाऊ बोलणी करतो म्हणायचे, पुढे काही सरकत नव्हतं. तेव्हा तिने विल्सनला हाक मारली. विल्सन म्हणजे तिची कामवाली, भित्री पोरगी. घोडागाडी बोलावली आणि दोघी शोरडिचला निघाल्या, शहराच्या पूर्वेकडच्या त्या बकाल वस्तीत. ज्या बाईला जिना उतरवायला भाऊ लागायचे ती! विल्सन भीतीने अर्धी झालेली. गाडीवाल्याने एका गुत्त्यापाशी थांबून टोळीच्या म्होरक्याचा, टेलर नावाच्या माणसाचा, पत्ता विचारला. दोनचार टगे बाहेर आले, गाडीभोवती कोंडाळं झालं, टेलर घरी नाही, आत येऊन बसा की, म्हणाले. विल्सनने हात जोडायचेच बाकी ठेवले. टेलरची धिप्पाड बायको गाडीपाशी आली. एलिझाबेथ गाडीतून न उतरता तिच्याशी बोलली, निरोप ठेवला आणि अंधार पडायच्या आत परतली.

टेलर घरी आला. पैसे त्याच्या हातात पडणार, तेवढ्यात एका भावाने त्याला चोर-लबाड म्हणून झापलं. तो शपथा घेत निघून गेला की आता कुत्र्याचं तोंड दिसणार नाही. त्या वेळी ती भावावर अशी भडकली की घरच्यांनी तिला तसं कधी पाहिलं नव्हतं. मी स्वतः परत जाते, म्हणून उठलीच. मग दुसऱ्या धाकट्या भावाला दया आली. तो जाऊन मिटवून आला. त्या रात्री फ्लश घरी आला. मळलेला, वाळलेला. कुणाकडे न बघता त्याच्या भांड्याशी गेला आणि पाणी पीतच राहिला.

12 सप्टेंबर 1846 च्या सकाळी एलिझाबेथ आणि विल्सन घरातून निघाल्या. वाटेत तिला घेरी आली, औषधाच्या दुकानात थांबून हुंगायचं औषध घ्यावं लागलं. मेरिलबोनच्या चर्चमध्ये ती आणि रॉबर्ट, साक्षीला त्याचा मामे-मावसभावांपैकी एक आणि विल्सन. झालं लग्न. मग ती वडिलांच्या घरी परतली, अंगठी काढून ठेवली आणि आठवडाभर काही घडलंच नाही अशी राहिली. 19 तारखेला कुटुंबातलं कुणी समोर नसताना ती, विल्सन आणि फ्लश बाहेर पडले. सगळा धोका फ्लशचा होता. तो एकदा जरी भुंकला असता तर? तो भुंकला नाही. चावरा, लाडोबा, एरवी कुणी जिन्यात खाकरलं तरी घर डोक्यावर घेणारा फ्लश त्या दिवशी गप्प होता. त्याला कळलं होतं, असं तिचं मत. माझंही तेच मत आहे असं समजा.

काही दिवसांपूर्वी त्या गल्लीत गेली नसती तर ती या दारातून बाहेर पडू शकली नसती का? सांगता येत नाही. पण मला नेहमी वाटतं की पाय कुठवर नेतात हे तिला त्या घोडागाडीत कळलं. वडील, भाऊ आणि होणारा नवरा, तिघांचंही म्हणणं बाजूला ठेवून तिने एक काम तडीला नेलं होतं.

तिला सोबत न्यायला विल्सन तयार झाली, यात केवढं धाडस होतं ते मात्र फारसं कुणी लिहीत नाही. मालकीण पळून गेली तर नोकरी जाणार होती ती हिची.

इटलीचा प्रवास. वाटेत फ्रान्समध्ये व्होक्लूज नावाच्या ठिकाणी, जिथे पेत्रार्क हा जुना इटालियन कवी राहायचा, तिथला झरा बघायला सगळे थांबले. रॉबर्टने एलिझाबेथला उचलून पाण्यातल्या एका खडकावर नेऊन बसवलं. काठावर राहिलेल्या फ्लशला वाटलं, नेली हिला! त्याने धाडकन पाण्यात उडी टाकली आणि पोहत तिच्यामागे गेला. उशीवर झोपणारा तो फ्लश!

पिसा, मग 1847 पासून फ्लॉरेन्स. तिथे ते 'कासा ग्विदी' नावाच्या वाड्यात बिऱ्हाडाने राहिले. उन्हाने तिची तब्येत सुधारली, ती हिंडूफिरू लागली. फ्लशचे तर दिवसच पालटले. तिथे कुत्री पळवायची भीती नव्हती. साखळी सुटली, एकटाच गावभर हुंदडून यायचा. पिसवांनी मात्र इतका बेजार झाला की रॉबर्टने त्याचे झुपकेदार केस कातरून टाकले. जो चावला होता त्याच्याकडूनच हजामत करून घ्यावी लागली!

9 मार्च 1849 ला, वयाच्या त्रेचाळिसाव्या वर्षी, एलिझाबेथला मुलगा झाला. त्याआधी तिचे गर्भपात झाले होते. घरातलं सगळं लक्ष पाळण्याकडे गेलं आणि फ्लश पंधरा दिवस तोंड पाडून बसला. दुसरं बाळ आलं की थोरल्याचं जे होतं तेच. मग हळूहळू त्याने पाळण्यापाशी बस्तान हलवलं. मूल रांगायला लागलं, त्याचे कान ओढायला लागलं, आणि हा निमूट ओढून घ्यायला लागला.

वडिलांनी तिला कधीच माफ केलं नाही. लग्न करणाऱ्या तिन्ही मुलांना त्यांनी वारसातून काढलं. ती वर्षानुवर्षं पत्रं लिहीत राहिली. 1851 मध्ये लंडनला आली तेव्हा ती सगळी पत्रं गठ्ठ्याने परत मिळाली. एकाचंही पाकीट फोडलेलं नव्हतं. काहींना काळी कड होती. तेव्हाच्या रिवाजाप्रमाणे काळी कड म्हणजे कुणीतरी गेल्याची खबर. आत मुलीच्या मरणाची बातमी असू शकली असती, तरी त्यांनी उघडून पाहिलं नाही. 1857 मध्ये ते वारले.

फ्लश 1854 साली गेला. म्हातारा झाला होता, केस गळले होते, वास यायचा. कासा ग्विदीच्या तळघरात त्याला पुरलं. आपल्याकडे साताऱ्याजवळ संगम माहुलीला शाहू महाराजांच्या कुत्र्याची समाधी आहे, लोक अजून ती दाखवतात. फ्लशला तसं काही बांधलं गेलं नाही. पण 1933 मध्ये व्हर्जिनिया वुल्फने त्याच्या नजरेतून एक अख्खं पुस्तक लिहिलं, आणि एलिझाबेथची सुनीतं न वाचलेल्यांनीही ते वाचलं.

29 जून 1861 रोजी फ्लॉरेन्समध्येच, रॉबर्टच्या मिठीत एलिझाबेथचा शेवट झाला. तिला तिथल्या प्रोटेस्टंट दफनभूमीत ठेवलं. बारा वर्षांच्या मुलाला घेऊन रॉबर्ट इंग्लंडला परतला. पुढे इटलीत अनेकदा आला, पण फ्लॉरेन्समध्ये त्याने पुन्हा पाऊल ठेवलं नाही. फ्लश मात्र त्या तळघरातच आहे, तिच्या गावात.